नटाने नाटकच करावं?

मुंबईत २०१९ साली प्रभाकर बरवे यांच्या चित्रप्रदर्शनाच्या उद्घाटनात अमोल पालेकर सरकारी निर्णयावर बोलू लागले आणि त्यांना मध्येच अडवलं गेलं. तेव्हापासून आमच्या मित्रांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एक वाद अधूनमधून पेटतो. नटाने नाटक करावं, नसत्या उठाठेवी कशाला?

मी राहतो रोमानियाच्या राजधानीत, बुखारेस्टला. इथे तर राजवट कोसळल्याची बातमी टीव्हीवरून द्यायलाच एक नट बसला होता.

इऑन कारामित्रू, जन्म १९४२. १९८५ साली बुलांद्रा थिएटरमध्ये त्याने हॅम्लेट उभा केला. रोमानियाचा कम्युनिस्ट हुकूमशहा चाउशेस्कू, त्याचा तो काळ, दुकानांपुढे रांगा, हिवाळ्यात घरं गारठलेली. 'डेन्मार्कच्या राज्यात काहीतरी सडलंय' हे ऐकताना प्रेक्षकांच्या मनात कुठलं राज्य येत असेल, ते सांगायला नको. बरं, शेक्सपिअरवर बंदी घालायची तरी कशी! पुढच्याच वर्षी 'लिचेएनी' या चित्रपटात तो 'सॉक्रेटिस' या टोपणनावाचा मास्तर झाला आणि शाळकरी पोरांनाही माहीत झाला.

२२ डिसेंबर १९८९, क्रांतीत चाउशेस्कूची राजवट कोसळली तो दिवस. टीव्हीच्या स्टुडिओत माणसांची ही दाटी. नजरकैदेतून नुकताच सुटलेला कवी मिर्चा दिनेस्कू कारामित्रूच्या शेजारी. प्रक्षेपण सुरू होता होता कारामित्रू त्याला म्हणाला, 'मिर्चा, काम करतोयस असं दाखव.' ते देशभर ऐकू गेलं. त्या क्रांतीत हजाराहून अधिक माणसं मेली, आणि तरी 'सगळं नाटकच होतं' म्हणणारे आजही याच वाक्यावर बोट ठेवतात. मला त्यात कट दिसत नाही. कॅमेरा दिसला की नट शेजारच्याला सूचना देणारच, सवयच ती.

आमच्या ग्रुपचा प्रश्न इथे लंगडा पडतो. कलावंताने बोलावं की नाही, यात मला वाद दिसतच नाही. बोलल्यानंतर तो काय करतो, ते बघा. १९७७ साली पुलंनी जनता पक्षाचा प्रचार केला, सभा गाजवल्या, पण राजकीय पद घेतलं नाही. कारामित्रू १९९६ ते २००० सांस्कृतिक मंत्री होता. त्यालाही माझी हरकत नाही. रंगमंचाच्या मागे काय चालतं हे ठाऊक असलेला माणूस त्या खात्याला मिळाला, तर बिघडलं कुठे? शिवाय नाट्यकर्मींची 'युनितेर' ही संघटना उभी करण्यात तो पुढे होता.

खटकतं ते पुढचं. २००५ पासून २०२१ मध्ये मरेपर्यंत तो इथल्या राष्ट्रीय नाट्यगृहाचा प्रमुख राहिला. त्याच्याच काळात चाउशेस्कूच्या राजवटीत इमारतीवर चढवलेला कमानींचा दर्शनी भाग उतरवला गेला, मूळचं रूप मोकळं झालं. काम चोख, वादच नाही. पण ज्याने एका न हलणाऱ्या खुर्चीविरुद्ध आवाज उठवला, त्याने सोळा वर्षं एकाच खुर्चीत काढावीत? ग्रुपवर मी हे लिहिलं, तर एकाने लगेच विचारलं, 'मग आपल्याकडच्या संस्थांचे अध्यक्ष किती वर्षं बसतात रे?'