घासून झिजलेली पायरी

इंग्लंडमधल्या ओल्डहॅम गावातल्या आमच्या भाड्याच्या घराची दगडी पायरी मधोमध खोलगट झाली आहे. घर व्हिक्टोरिया राणीच्या शेवटच्या वर्षांतलं. मला वाटायचं, पावलांनी झिजली असेल. शेजारच्या आजी म्हणाल्या, पावलांइतकीच घासण्यानं. या गिरणगावांत बायका गुडघे टेकून 'डाँकी स्टोन'नं पायरीची कड घासून उजळत. भंगारवाला जुन्या कपड्यांच्या बदल्यात तो दगड देई. मला आपली बोहारीण आठवली.

सोमवार धुण्याचा. पाणी भरायचं, भट्टी पेटवायची, मोठ्या हंड्यात कपडे उकळायचे, दांड्यानं घुसळायचे, रुळांमधून पिळायचे. त्यातल्या कितीजणी एरवी सूतगिरणीतही राबत. पुस्तकांतली ती शांत, हसतमुख 'गृहदेवता' मध्यमवर्गातली. तिच्या घरची चूल पहाटे उठून पेटवायला कुणा गरिबाची कोवळी पोर असे.

आणि 1881च्या खानेसुमारीत इंग्लंड-वेल्सच्या सरकारनं घर सांभाळणाऱ्या बायकांना चक्क 'बिनकामाच्या' वर्गात टाकलं.

हे आज लिहितेय ते काकांमुळे. लाडकी बहीण योजनेचे 1,500 रुपये म्हणजे 'घरी बसणाऱ्यांना फुकटचे पैसे', असं त्यांनी घरच्या ग्रुपवर लिहिलं. काका, योजनेच्या खर्चावर जरूर वाद घालूया. पण 'घरी बसणाऱ्या' कोण? 2019च्या सरकारी पाहणीत आपल्या देशात स्वतःच्या घरचं काम करणाऱ्या बायका दिवसाला सरासरी 299 मिनिटं त्या बिनपगारी कामात घालवताना दिसल्या, असं काम करणारे पुरुष 97. तरी 2011च्या जनगणनेत नुसतं घर सांभाळणारी बाई 'काम न करणारी'च.

इथं ब्रिटनमध्येही सगळं आलबेल नाही. पण 1978 पासून मुलं सांभाळण्यातली वर्षं सरकारी पेन्शनसाठी धरली जाऊ लागली. आजही चाइल्ड बेनिफिटचा, म्हणजे मुलांसाठीच्या सरकारी भत्त्याचा, अर्ज केलेल्या आईची, मूल 12 वर्षांचं होईपर्यंतची वर्षं मोजली जातात. ती ओवाळणी नव्हे, तिचा हक्क आहे. आपल्याकडे बाईच्या हातात चार पैसे येताहेत याचा मला आनंदच आहे, पण ते भावानं बहिणीला दिल्यासारखे येतात, तिच्या कामाची नोंद कुठेच होत नाही.

मागच्या महिन्यात आईच्या व्हिसाचा अर्ज भरताना फोनवर विचारलं, "व्यवसाय काय लिहू?"

"काही नाही गं, घरीच असते," ती म्हणाली. "थांब जरा, दूध उतू जातंय."