मुगातला भुंगेरा आणि ती गोळी: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार काका,

तुम्ही लिहिलंत, "तेल चोळून ठेवलेल्या मुगातून १५ दिवसांत भुंगे निघाले. असले आजीबाईचे उपाय सांगून लोकांचं धान्य वाया घालवू नका. गव्हात टाकतात ती गोळी डब्यात टाका, काम संपलं." मूग गेले याचं वाईट वाटतं. पण गोळीचा सल्ला उत्तर न देता इथे राहू देणं मला जमणार नाही.

आधी तेलाचं. कडधान्यातली भुंगेऱ्याची मादी दाण्याच्या सालीवर अंडी चिकटवते. नीट पाहिलं तर बारीक पांढरे ठिपके दिसतात. अळी अंड्यातून थेट दाण्यात शिरते आणि आतच वाढते. पुढे गोल भोक पाडून भुंगेरा बाहेर येतो. उकाड्यात हा सगळा फेरा साधारण महिन्याभराचा. किलोला चहाचा चमचाभर तेल चोळलं की अंडी मरतात, नवी नीट चिकटत नाहीत. दाण्यात शिरलेल्या अळीला मात्र तेल पोचतच नाही. १५ दिवसांत भुंगे निघाले, म्हणजे तुम्ही तेल लावलंत तेव्हा अळ्या आत होत्या. बहुतेकदा ही कीड शेतातल्या शेंगेवरूनच घरी येते.

म्हणून तेलाआधी आतली अळी मारायला हवी. दोन-तीन किलो असेल तर पिशवी बांधून आठवडाभर फ्रीजरमध्ये ठेवा. जास्त असेल तर कडक उन्हात काळ्या प्लास्टिकवर पातळ थर पसरा, वरून पारदर्शक प्लास्टिक घालून कडा दाबा. आत ५७ अंशांवर तासभर टिकलं की अंडी, अळ्या, भुंगेरे सगळेच मरतात. नुसत्या अंगणातल्या उन्हात भुंगेरे उडून जातात आणि आपल्याला वाटतं धान्य साफ झालं. मग दाणे गार करून, तेल चोळून, डबा गळ्यापर्यंत भरून घट्ट लावा. कडुनिंबाच्या पाल्यावर माझीही भिस्त नाही. तुरीची डाळ लवकर करून घेण्याची जुनी रीत मात्र खरंच शहाणपणाची, कारण या भुंगेऱ्याला अख्खा दाणा लागतो.

(तांदळातला सोंडकिडा आणि रव्यातला तांबडा भुंगेरा हे वेगळे किडे. त्यांना हा तेलाचा उपाय लावू नका.)

आता गोळी. ती म्हणजे अॅल्युमिनियम फॉस्फाइड. हवेतल्या ओलाव्याने तिच्यातून फॉस्फिन वायू सुटतो, ३ ग्रॅमच्या एका गोळीतून १ ग्रॅम. या विषावर उतारा नाही. डब्याच्या झाकणाने हा वायू अडत नाही. तो स्वयंपाकघरात पसरतो, फटींतून शेजारच्या घरात जातो. अशा घरांत झोपलेली मुलं दगावली आहेत. ही गोळी घरगुती वापरासाठी नाहीच. कायद्याने ती सरकारी यंत्रणा आणि परवानाधारक कीडनियंत्रकांपुरती आहे. दुकानदार सहज देतो म्हणून ती सुरक्षित ठरत नाही.

तुमच्या डब्यात गोळी टाकून झाली असेल, तर काका, डबा उघडू नका, हलवू नका. दारं-खिडक्या उघडा, सगळ्यांना घेऊन बाहेर पडा, शेजाऱ्यांना सांगा आणि अग्निशमन दलाला बोलवा. कुणाला उलट्या, पोटदुखी किंवा धाप लागली तर थेट रुग्णालय गाठा आणि डॉक्टरांना गोळीचं नाव पहिल्याच वाक्यात सांगा. नाहीतर पोट बिघडलंय असं समजून उपचार सुरू होतात.