‘१ = −१’ सिद्ध करणारा मेसेज नेमका कुठे घसरतो?

“घाताचे नियम संमिश्र संख्यांना लावले की १ = −१ येते, म्हणजे हे गणितच पोकळ आहे,” असा मेसेज विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर फिरत असतो. नुकती संमिश्र संख्या (अ + ब × आय या रूपाच्या, जिथे आयचा वर्ग −१) शिकू लागलेली मुले यामुळे बिचकतात, म्हणून त्यातला प्रत्येक दावा तपासायलाच हवा.

“√−१ × √−१ = √(−१ × −१) = १, पण आयचा वर्ग तर −१.” चूक पहिल्याच बरोबरच्या चिन्हात आहे. √अ × √ब = √(अब) हा नियम अ आणि ब दोन्ही ऋण असले की मोडतो. शून्य सोडून प्रत्येक संख्येला दोन वर्गमुळे असतात आणि √ हे चिन्ह त्यांतले एकच उचलते. निवडलेल्या दोन मुळांचा गुणाकार हे अब चे वर्गमूळ असतेच, पण कधी कधी ते नेमके दुसरे निघते. म्हणून √−४ × √−९ सोडवताना आधी आय बाहेर काढा: २आय × ३आय = −६.

“घाताचा घात काढताना घातांकांचा गुणाकार चालत नाही.” बाहेरचा घातांक पूर्णांक असेल तर चालतो. अपूर्णांक असेल तर वास्तव संख्यांतही फसतो: −१ चा वर्ग १, त्याचा १/२ वा घात १; घातांक आधी गुणले तर उत्तर −१. गणितज्ञ थॉमस क्लाउझेनने १८२७ साली मांडलेला विरोधाभास याच जातीचा आहे. दोष संमिश्र संख्यांना का द्यायचा?

“−८ चे घनमूळ संगणक १ + १.७३२आय दाखवतो, हे चूक.” अजिबात नाही. संमिश्र संख्या प्रतलावरचा बिंदू मानली, तर शून्यापासूनचे तिचे अंतर म्हणजे मापांक आणि धन वास्तव अक्षापासून मोजलेला कोन म्हणजे तिचा कोन. −८ चा कोन १८०°, त्याचा तिसरा भाग ६०°. घनमुळे तीन: ६०°, १८०° आणि ३००° वर, प्रत्येकाचा मापांक २. संगणक पहिले देतो, −२ हे मधले.

“मग पूर्णांक घातही भरवशाचे नाहीत.” तिथे तर काहीच संदिग्ध नाही. (१ + आय) चा १० वा घात: मापांक √२ चा १० वा घात ३२, कोन ४५° × १० = ४५०°, म्हणजे ९०°. उत्तर ३२आय. ताळा: वर्ग २आय, त्याचा ५ वा घात ३२आय.

खरा घोटाळा कोन काढताना होतो. (−१ + आय) साठी कॅल्क्युलेटरवर व्यस्त टॅन दाबले की −४५° येते, पण बिंदू दुसऱ्या चरणात आहे, कोन १३५°. घन काढा: बरोबर उत्तर २ + २आय, चुकीच्या कोनाने −२ − २आय. सम घातात ही १८०° ची चूक दिसतच नाही, म्हणून ताळा विषम घातावरच करा.