पाच × अडीचची चौकट पावणेपाच का भरते: आपल्या रिव्ह्यूला उत्तर

नमस्कार साहेब,

आपण एक स्टार देऊन लिहिलंत की पैसे दाराच्या ५ × २॥ इंची सागवानी चौकटीचे घेतले, टेप लावला तर ती पावणेपाच भरते, जाडीही अडीचला कमी पडते आणि आता प्लास्टर चौकटीच्या बाहेर आलंय. आपलं माप बरोबर आहे. लाकूड मात्र कमी दिलेलं नाही.

वखारीत ५ × २॥ म्हणजे करवतीवरून उतरलेलं माप. बिलावर त्यापुढे ‘कट साइज’ लिहिलेलं आहे. रंधा मारला की दर बाजूचं साधारण एक सूत, म्हणजे इंचाचा आठवा भाग, जातं. पाच इंच म्हणजे ४० सूत. दोन्ही बाजू रंधल्या की ३८ उरतात, तेच आपले पावणेपाच. अडीच इंचाचे २० सूत, तिथे एकच जातं, कारण भिंतीकडची पाठ रंधत नाहीत. यापेक्षा कमी मारलं तर करवतीचे ओरखडे पॉलिशखालून दिसत राहतात.

आपल्या चौकटीच्या सात-सात फुटांच्या दोन उभ्या आणि साडेतीन फुटांची आडवी, मिळून साडेसतरा फूट. कट साइजने १.५२ घनफूट, रंधल्यावर १.३७. मधलं लाकूड भुशात गेलं, पण ते आपल्याच चौकटीसाठी कापलेलं होतं, म्हणून बिलात आहे. रंधल्यावर पुरे ५ × २॥ हवे असतील तर कापायचं ५। इंच × २ इंच ५ सूत. तेव्हा बिल १.६७ घनफुटांचं होईल.

परदेशात सांगतात तेवढंच देतात, असंही आपण लिहिलंत. अमेरिकेत दुकानातला ‘टू बाय फोर’, म्हणजे नावाने २ × ४ इंची लाकूड, मोजला तर १॥ × ३॥ इंच भरतो, म्हणजे ३८ × ८९ मिमी. ‘वन बाय सिक्स’ पाऊण × साडेपाच. तिथे हे प्रमाण ठरलेलंच आहे. आपल्याकडे किती रंधायचं ते काम देताना ठरतं, म्हणून आधी विचारलेलं बरं.

खरी अडचण प्लास्टरची आहे. १०० मिमीचा ब्लॉक आणि दोन्हीकडे १२ मिमी प्लास्टर धरलं तर भिंत १२४ मिमी होते. रंधलेली चौकट १२१च्या आसपास. तीन-चार मिमीचा फरक राहणारच, आणि गवंड्याने चौकट एका बाजूला समतल लावली असेल तर तो सगळा दुसऱ्या बाजूला दिसतो. त्यासाठी प्लास्टर फोडू नका. चौकट आणि भिंतीचा सांधा झाकणाऱ्या मोल्डिंग पट्टीचा जो भाग प्लास्टरवर टेकतो, तेवढाच मागून फरकाइतका रंधून घ्या, चौकटीवर टेकणारा भाग तसाच ठेवा. पट्टी दोन्हीकडे घट्ट बसेल.

खिडक्यांच्या चौकटी अजून कापायच्या आहेत. त्याआधी प्लास्टर धरून भिंतीची जाडी मिमीमध्ये कळवा आणि ऑर्डरवर ‘रंधल्यावरचं माप’ असं लिहा.