कोळशाची ती आगगाडी १९११ ची नाही

गेल्या काही दिवसांत एकच मजकूर मला बऱ्याच जणांकडून आला. मजकूर थोडक्यात असा: "१९११ साली पांचो विया नावाच्या डाकूने कोळशाच्या आगगाडीत माणसं लपवून सिउदाद हुआरेस हे सरहद्दीवरचं गाव एका रात्रीत काबीज केलं. दुसऱ्याच दिवशी मेक्सिकोचा हुकूमशहा पोरफिरिओ दियाझ पळाला. अमेरिका नदीपलीकडून नुसती बघत राहिली. याला म्हणतात गनिमी कावा!"

आगगाडीची हकिकत खरी आहे, आणि गाव पडल्यावर दियाझ गेला हेही खरं. पण त्या दोन वेगवेगळ्या लढाया आहेत आणि त्यांच्यात अडीच वर्षांचं अंतर आहे. त्यांची एकच गोष्ट केली की पहिल्यांदा जिंकलेलं गाव पुन्हा का जिंकावं लागलं, हा सगळ्यात महत्त्वाचा प्रश्नच गायब होतो. म्हणून हे सविस्तर लिहितो आहे.

आधी आगगाडी. ती नोव्हेंबर १९१३ मधली. चिवावा शहरावरचा वियाचा हल्ला फसला होता. माघार घेताना उत्तरेकडून आलेली एक कोळशाची गाडी त्याच्या हाती लागली. त्याने डबे रिकामे करवले आणि त्यांत माणसं भरली. मग स्टेशनातल्या तारबाबूला पिस्तूल दाखवून हुआरेसला तार करायला लावली: पुढे बंडखोर आहेत, रूळ उखडलेत, काय करू? उत्तर आलं, परत ये. पुढच्या प्रत्येक स्टेशनातून हीच युक्ती केली. गाडी कुठवर आली हे सरकारी अधिकाऱ्यांना तारेने नेमकं कळत होतं, फक्त आत कोण बसलंय ते कळत नव्हतं. १५ नोव्हेंबरच्या पहाटे गाडी हुआरेसच्या यार्डात शिरली आणि उजाडेपर्यंत गाव वियाचं झालं. तेव्हा शत्रू दियाझ नव्हता, त्याच वर्षी सत्ता बळकावलेला जनरल वेर्ता होता. दियाझला देश सोडून दोन वर्षं उलटून गेली होती.

आता १९११. त्या लढाईत गनिमी कावा कमी आणि घाम जास्त होता. दियाझविरुद्धच्या बंडाचा नेता फ्रान्सिस्को मादेरो. त्याच्या सैन्याने गावाला वेढा दिला होता, पण गोळ्या नदीपलीकडे एल पासो या अमेरिकी शहरात पडल्या तर अमेरिका मध्ये पडेल, ही त्याला धास्ती होती. त्याने हल्ला करू नका असं बजावलं. ८ मे रोजी चकमक पेटली तेव्हा ती थांबवायला त्याने निरोप धाडले, पण कोणी ऐकलं नाही. हल्ला पुढे रेटणारा मुख्य माणूस होता पास्क्वाल ओरोझ्को, खेचरांच्या तांड्यावरून खाणीतला माल वाहणाऱ्यांचा मुकादम. विया होता, शौर्याने लढला, पण ओरोझ्कोच्या हाताखाली. आधीच्या आयुष्यात तो दरोडेखोर होता, हेही खरं. पण हे गाव काही एका डाकूने आणि त्याच्या टोळीने घेतलं नाही.

गाव कसं घेतलं ते पाहण्यासारखं आहे. घरं कच्च्या विटांची, सपाट धाब्याची, एकमेकांना चिकटलेली. रस्त्यांवर सरकारी मशीनगनी रोखलेल्या. तेव्हा बंडखोर रस्त्यावर आलेच नाहीत. त्यांनी पहारींनी आणि डायनामाइटने भिंती फोडल्या आणि एका घरातून दुसऱ्या घरात, दुसऱ्यातून तिसऱ्यात असे ते सरकत गेले. त्यांच्यात खाणकामगार होते, भिंत कुठे फोडायची हे त्यांना शिकवावं लागलं नाही. आतल्या शिबंदीचं पाणी तुटलं. १० मे रोजी तिचा सेनापती जनरल नावार्रो शरण आला. म्हणजे हे काम 'एका रात्रीत' नव्हे, तीन दिवसांत झालं.

मग ओरोझ्कोचं नाव या मजकुरात का नाही? कारण पुढे तो फिरला. १९१२ मध्ये त्याने, तोवर राष्ट्राध्यक्ष झालेल्या मादेरोविरुद्ध बंड केलं आणि १९१३ मध्ये, मादेरोच्या खुनानंतर, वेर्ताला जाऊन मिळाला. १९१५ साली टेक्सासात तो मारला गेला. फितूर ठरलेल्या माणसाचा विजय मग दुसऱ्याच्या नावावर चढला. मला हे पटत नाही. तो पुढे काय झाला ते सांगा, पण १९११ च्या मे महिन्यात तो कुठे उभा होता तेही सांगा.

दियाझ 'दुसऱ्याच दिवशी' पळाला हेही चूक. गाव पडलं १० मे रोजी. दियाझचं सरकार आणि मादेरो यांच्यात तह झाला २१ मेच्या रात्री, हुआरेसच्या जकातघराबाहेर, मोटारींच्या दिव्यांच्या उजेडात. दियाझने राजीनामा दिला २५ मे रोजी. मधल्या दिवसांत दक्षिणेत झापाता या बंडखोर पुढाऱ्याने क्वाउत्ला हे गाव घेतलं होतं आणि १५ मे रोजी उत्तरेतलं तोर्रेओन शहर पडलं होतं. तोर्रेओनमध्ये बंडखोरांनी आणि जमावाने तीनशेच्या वर चिनी माणसं मारली. ही लढाई वीरकथा म्हणून सांगणाऱ्यांनी तोही दिवस सांगायला हवा.

आणि त्या तहात काय ठरलं? बंडखोरांनी हत्यारं खाली ठेवायची आणि दियाझचं सैन्य जसंच्या तसं राहायचं. नावार्रोला गोळी घाला म्हणून ओरोझ्को आणि विया मादेरोवर चालून गेले होते, तरी मादेरोने त्याला स्वतः नदीपर्यंत नेऊन पलीकडे सुखरूप पोचवलं. त्या माणुसकीबद्दल मला मादेरोविषयी आदर वाटतो. पण फेब्रुवारी १९१३ मध्ये त्याच राखून ठेवलेल्या सैन्याच्या सेनापतींनी, म्हणजे वेर्ता आणि त्याच्या साथीदारांनी, त्याला पदच्युत केलं, आणि मग त्याचा खून झाला. वियाला हुआरेस दुसऱ्यांदा घ्यावं लागलं ते म्हणून.

राहिली अमेरिका. १९११ मध्ये एल पासोचे लोक गच्च्यांवर आणि मालगाड्यांच्या डब्यांवर चढून लढाई पाहत होते, त्यांतले काही भरकटलेल्या गोळ्यांनी मेलेही. तेव्हा अमेरिकी सैन्य हललं नाही. १९१३ मध्ये वियाने धडा घेतला आणि चिवावाहून येणाऱ्या सरकारी फौजेला गावात न गाठता दक्षिणेला तिएर्रा ब्लांकाच्या वाळवंटात गाठलं, म्हणजे तोफगोळे नदीपार जायला नकोत. पण जून १९१९ मध्ये त्याची माणसं तिसऱ्यांदा हुआरेसमध्ये शिरली, गोळ्या एल पासोत पडल्या, आणि मादेरोला आठ वर्षांपूर्वी जी धास्ती होती ती खरी झाली. अमेरिकी घोडदळ, पायदळ आणि तोफखाना नदी ओलांडून आला आणि त्याने वियाची फौज उधळून लावली. एवढं मोठं गाव घेण्याइतकी माणसं वियाजवळ त्यानंतर कधी जमली नाहीत.