अण्णा साळुंकेंचं पुढे काय झालं?

३ मे, म्हणजे ‘राजा हरिश्चंद्र’ या पहिल्या भारतीय चित्रपटाच्या प्रदर्शनाचा दिवस, जवळ आला की ती पोस्ट फिरायला लागते. ‘भारताची पहिली हिरोइन चक्क पुरुष होती!’ खाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग, दोन-चार पांचट विनोद, आणि मंडळी पुढे सरकतात. माहिती खरी आहे, त्याबद्दल तक्रार नाही. पण या माणसाचं पुढे काय झालं हे कुणालाच विचारावंसं वाटत नाही, त्याचा मला राग येतो.

आधी सगळ्यांना पाठ असलेला भाग उरकून घेऊ. १९१२ साल. दादासाहेब फाळके लंडनहून कॅमेरा घेऊन आलेत, दादरला ‘राजा हरिश्चंद्र’ची जुळवाजुळव चाललीय. हरिश्चंद्र मिळाला, दत्तात्रय दाबके. रोहिदास घरचाच, थोरला मुलगा भालचंद्र. अडलं तारामतीवर. जाहिराती देऊन झाल्या, वेश्यावस्तीत विचारून झालं, तिथल्या बायकाही नाही म्हणाल्या. सिनेमात काम करणं म्हणजे इतकी नामुष्की, की कुणी विचारलं तर ‘हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहे’ असं सांगा, असं फाळक्यांनी आपल्या माणसांना बजावलं होतं. शेवटी ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात काम करणारा नाजूक हातांचा तरुण, अण्णा साळुंके, त्यांच्या नजरेत भरला. पगार महिना १० रुपये. फाळक्यांनी १५ देऊ केले. झाली तारामती तयार.

हा किस्सा नेहमी फाळक्यांच्या बाजूने सांगितला जातो. त्यांची अडचण, त्यांची युक्ती, त्यांची नजर. साळुंके त्यात सापडलेल्या वस्तूसारखे येतात. अहो, पण दीडपट पगारासाठी का होईना, जे काम बाजारातल्या बाईनेही नाकारलं ते या माणसाने भरदिवसा केलं. त्यात मिशी भादरायची. वडील हयात असताना मिशी काढणं म्हणजे अभद्र, असा तो काळ. याला धाडस म्हणायचं नाही तर कशाला?

तेव्हा स्त्री पार्ट करणारे नट काही दुर्मीळ नव्हते. बालगंधर्व तर ऐन भरात होते. त्यांच्यासारखं लुगडं नेसायला घरंदाज बायका धडपडायच्या. पण बालगंधर्वांकडे गळा होता, पदं होती, वन्समोर होता. साळुंकेंकडे यातलं काहीच नाही. मूकपट, गाणं नाही, नाटक कंपनीतली तालीम नाही. उन्हात उभं राहायचं आणि डोळे-मान-हात यांवर भागवायचं. त्या काळच्या फिल्मला लाल रंग दिसतच नसे, कपाळावरचं कुंकूही काळं उमटे.

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये लागला. चित्रपट होता सुमारे ३७०० फुटांचा. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आज उरलाय त्याच्या निम्म्याहून कमी, आणि तोसुद्धा १९१७ साली नव्याने केलेल्या आवृत्तीतला असावा असं काही अभ्यासक म्हणतात. त्यात कारंज्याचा प्रसंग आहे. तारामती सख्यांसह पाण्यात, सगळ्या ओल्या लुगड्यांत, आणि सगळे पुरुष. लोक हा तुकडा हसायला बघतात. जरूर बघा.

आता खरी गोष्ट. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’ बनला आणि फाळक्यांना खऱ्या बायका मिळाल्या: दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई, म्हणजे विक्रम गोखल्यांची आजी. पोस्टवाल्यांच्या हिशोबाने साळुंकेंचं काम इथे संपायला हवं. तर १९१७ साली आला ‘लंकादहन’, आणि त्यात साळुंके सीताही झाले आणि रामही! आपल्याकडची पहिली दुहेरी भूमिका ती. मला यात नुसती काटकसर दिसत नाही. कथेत दोघांची ताटातूट असल्यामुळे ते जमणं सोपं होतं, कबूल. पण चाल बदलायची, खांदे बदलायचे, उभं राहण्याची ढब बदलायची, आणि सगळं आवाजाशिवाय. सीतेचे कमावलेले दंड लपत नव्हते, ही गंमत जाणकार आवर्जून सांगतात. प्रेक्षकांना मात्र त्याचं काही नव्हतं. पडद्यावर राम आला की लोक पायातल्या वहाणा काढून ठेवत. गिरगावातल्या थिएटरात सकाळी सातपासून मध्यरात्रीनंतरपर्यंत खेळ चालले, आणि गल्ल्यातली नाणी बैलगाडीतून पोलिस बंदोबस्तात न्यावी लागली, असं सांगतात. हा माणूस तेव्हाचा स्टार होता हो! आपणच त्याला ‘तो आचारी’ करून ठेवलंय.

आणि तरीही तो पडद्याला चिकटून बसला नाही. नाशिकच्या हिंदुस्थान फिल्म कंपनीत तो कॅमेऱ्यामागे गेला. ‘सत्यनारायण’ (१९२२), ‘बुद्धदेव’ (१९२३)... पुढे १९३१ पर्यंत कॅमेरामन म्हणून केलेले चित्रपट तीसच्या घरात जातात. अभिनय केलेले मोजून पाच-सहा. म्हणजे पेशा कोणता म्हणायचा? तेव्हाचा कॅमेरा हाताने फिरवायचा. सेकंदाला दोन फेरे, साधारण १६ चौकटी. हात जरा ढिला पडला की पडद्यावर माणसं पळायला लागतात, घाई झाली की रेंगाळतात. समोर राक्षस ओरडतोय, मागून दिग्दर्शक ओरडतोय, आणि मनगटाने ताल सोडायचा नाही. ज्याने आधी त्याच कॅमेऱ्यासमोर उभं राहून तो हात बघितलाय, त्याला नटाची अडचण किती कळत असेल, विचार करा.

१९३१ मध्ये ‘आलम आरा’ बोलू लागली आणि मूकपटांचा खेळ आटोपला. आपल्याकडे १३०० च्या आसपास मूकपट बनले. हाताशी उरले ते बोटांवर मोजण्याइतके, त्यातलेही कित्येक नुसते तुकडे. साळुंकेंचं कॅमेऱ्यामागचं बहुतेक काम हरवलेल्या मूकपटांसोबतच गेलं, आणि मागे राहिला ओल्या लुगड्यातला प्रसंग. म्हणून लोक हसतात, हे मला कळतं. पण ‘लंकादहन’चाही एक तुकडा वाचलाय, अशोकवनातल्या सीतेचा. काही मिनिटांचाच आहे. बसची वाट बघताना मोबाइलवर बघून होईल.