हप्ता किती बसतो, हे विचारून झाल्यावर

घर घ्यायला निघालेल्या माणसाला बिल्डरच्या कार्यालयात, बँकेत आणि सासर-माहेरच्या बैठकीतही एकच प्रश्न विचारला जातो: हप्ता किती झेपेल? पगारातून तेवढी रक्कम वजा करून घरखर्च भागतो असे दिसले की सगळे निश्चिंत होतात आणि पेढे वाटले जातात. माझे मत असे आहे की गृहकर्जाची खरी किंमत ठरवणारा आकडा हप्त्याचा नसून मुदतीचा आहे. तोच आकडा आपण सर्वांत कमी विचार करून ठरवतो आणि पुष्कळदा आपल्यासाठी तो दुसराच कोणीतरी ठरवून मोकळा होतो.

बोलण्यासाठी एक ठरावीक उदाहरण घेऊ. कर्ज ५० लाखांचे, व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षे. महिन्याचा हप्ता ४३,३९१ रुपये येतो आणि वीस वर्षांत बँकेला एकूण १ कोटी ४ लाखांहून थोडे अधिक दिले जातात, म्हणजे ५० लाखांवर ५४ लाख व्याज. हेच कर्ज ३० वर्षांचे केले तर हप्ता ३८,४४६ होतो आणि एकूण परतफेड १ कोटी ३८ लाखांवर जाते. हप्ता जेमतेम पाच हजारांनी उतरला आणि किंमत ३४ लाखांनी चढली. उलट १५ वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ४९,२३७ होतो, पण एकूण रक्कम ८९ लाखांच्या आत राहते. सेल्सच्या टेबलावर हे तीन पर्याय शेजारी शेजारी मांडलेले मी कधीही पाहिलेले नाहीत. तिथे ‘मॅक्सिमम टेन्युअर टाकून देऊ सर, नंतर कमी करता येतं’ एवढेच ऐकू येते. नंतर कमी करता येते हे खरेच आहे, परंतु ते आपोआप होत नाही आणि त्याची आठवण करून द्यायला कोणी फोन करत नाही.

मुदतीचा एवढा परिणाम का होतो, हे कळण्यासाठी पहिल्या हप्त्याची चिरफाड पुरेशी आहे. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागते. ५० लाखांवर ८.५ टक्क्यांनी महिन्याचे व्याज ३५,४१७ रुपये होते, त्यामुळे ४३,३९१ रुपयांच्या पहिल्या हप्त्यातून कर्ज फिटते ते फक्त ७,९७४ रुपयांचे. पाच वर्षे नियमित हप्ते भरल्यानंतर खिशातून २६ लाख गेलेले असतात आणि कर्ज मात्र ४४ लाख शिल्लक असते. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, शिल्लक ३५ लाख असते. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षे लागतात आणि निम्मे कर्ज फिटायला १३ वर्षे १० महिने. यात बँकेची लबाडी काही नाही, शाळेतल्या व्याजाच्या गणिताचाच हा विस्तार आहे. मात्र ‘भाड्याने पैसे वाया जातात, हप्ता भरला तर निदान घर आपलं होतं’ असे आपल्याकडे छातीठोकपणे सांगितले जाते, तेव्हा पहिल्या पाच वर्षांतल्या २६ लाखांपैकी २० लाख हे पैशाचे भाडेच होते, हेही सांगायला हवे. घरमालकाला दिलेले भाडे आणि बँकेला दिलेले व्याज यांची तुलना करावी. भाडे आणि संपूर्ण हप्ता यांची तुलना करणे चुकीचे आहे, मग ती कोणत्याही बाजूने केलेली असो.

आता मुदत दुसराच कोणीतरी ठरवतो असे मी का म्हटले, त्याकडे येतो. पुण्यात वाकडला राहणाऱ्या माझ्या भाच्याने २०२१ मध्ये, व्याजदर सात टक्क्यांच्या आसपास होते तेव्हा, घर घेतले. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो दर, ४ वरून ६.५ टक्क्यांवर नेला आणि २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, कर्जे बँकेबाहेर ठरणाऱ्या निर्देशांकाशी, बहुतेक करून रेपोशीच, बांधलेली असल्याने त्याचा व्याजदरही त्याच वेगाने वर गेला. कर्जखात्याचा उतारा घेऊन तो माझ्याकडे बसला होता. हप्त्याच्या रकान्यात वरपासून खालपर्यंत एकच आकडा होता, व्याजाचा रकाना फुगत गेला होता आणि मुद्दलाचा रकाना दर दोन-तीन महिन्यांनी आकसत चार आकड्यांवरून तीन आकड्यांवर आला होता. ‘मामा, हप्ता तर तेवढाच कापला जातोय, मग बिघडलं काय?’ असे तो विचारत होता. बिघडले होते ते उताऱ्याच्या शेवटच्या पानावर, उर्वरित हप्त्यांच्या संख्येत. बँकेने पाठवलेला एसएमएस त्याने वाचला होता, पण त्यातही ‘आपला हप्ता बदललेला नाही’ हेच ठळकपणे सांगितलेले होते.

ही वाढ किती असू शकते, याची कल्पना सहसा येत नाही. ५० लाखांचे कर्ज ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले तर हप्ता ३८,७६५ रुपये असतो. वर्षभराने शिल्लक ४८ लाख ८१ हजार असताना दर ९.५ टक्के झाला, तर महिन्याचे व्याजच ३८,६४२ रुपये होते आणि मुद्दलाकडे जातात १२३ रुपये. हप्ता तोच ठेवून हे कर्ज फेडायचे ठरवले तर सुमारे साठ वर्षे लागतील! अर्थात कोणतीही बँक एवढी मुदत देत नाही, कर्जदाराच्या निवृत्तीच्या वयाशी तिला थांबावेच लागते. पण त्या मर्यादेपर्यंत मुदत परस्पर ताणली जाते आणि तिथे पोहोचल्यावर एके दिवशी हप्ता वाढल्याचे पत्र येते. दर अडीच टक्क्यांनी वाढला एवढेच लोकांच्या लक्षात राहते.

या प्रकाराबद्दल तक्रारी वाढल्यावर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढले. व्याजदर बदलल्यामुळे हप्ता किंवा मुदत बदलत असेल तर कर्जदाराला ते तत्काळ कळवावे. हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे, दोन्ही थोडे थोडे करणे किंवा काही रक्कम आधी भरणे असे पर्याय त्याला द्यावेत. स्थिर दराकडे जाण्याची मुभा ठेवावी (ही सक्ती ऑक्टोबर २०२५ पासून राहिलेली नाही). आणि मुदत वाढवताना हप्त्यातून व्याजसुद्धा निघत नाही अशी स्थिती येऊ देऊ नये, असा त्याचा आशय आहे. नियम चांगला आहे. परंतु पर्याय द्यायचा तो ज्याला उतारा वाचता येतो त्याला, आणि आपल्यापैकी बहुतेकांनी कर्ज घेतल्यापासून परतफेडीचा तक्ता उघडलेला नसतो. त्यापुढे २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो दर एक टक्क्याने उतरला, तेव्हा ‘हप्ता कमी झाला का?’ हीच चौकशी सगळीकडे ऐकू आली. ज्यांची मुदत वर्षानुवर्षांनी लांबलेली होती त्यांनीही हप्ता कमी करून मागावा, याचे मला नवल वाटले.

याच मानसिकतेवर कर्ज एका बँकेतून दुसऱ्या बँकेत नेण्याचा व्यवसाय चालतो. दहा वर्षे हप्ते भरलेल्या आपल्या उदाहरणातल्या माणसाकडे ३५ लाख शिल्लक आहेत आणि त्याच ४३,३९१ च्या हप्त्याने ते दहा वर्षांत, एकूण ५२ लाख भरून, फिटणार आहेत. नवी बँक ८ टक्के दर देते आणि हप्ता थेट २९,२७५ वर आणून दाखवते. दर खरोखरच कमी आहे, महिन्याला चौदा हजार वाचतात हेही खरे आहे. फक्त मुदत पुन्हा वीस वर्षांची झालेली असते आणि एकूण भरणा ५२ लाखांऐवजी ७० लाखांचा. कर्ज जरूर हलवावे, कारण जुन्या ग्राहकाला चढा दर आणि नव्या ग्राहकाला उतरता दर हा अनुभव सार्वत्रिक आहे. मात्र नव्या बँकेत उर्वरित वर्षे तेवढीच ठेवून मगच दोन दरांची तुलना करावी. आहे त्याच बँकेत थोडे शुल्क भरून दर कमी करून घेता येतो का, हे त्याआधी विचारावे, पुष्कळदा येतो.

कर्जाच्या बाहेरचा खर्च मी थोडक्यात सांगतो, कारण तो निदान एकदाच होतो. ५० लाख कर्ज मिळवण्यासाठी घर साधारण साडेबासष्ट लाखांचे लागते, कारण ३० ते ७५ लाखांच्या कर्जात बँक किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच जाऊ शकते. पुणे शहरात मुद्रांक शुल्क अधिभारांसह ७ टक्के आहे, घर स्त्रीच्या नावावर असेल तर एक टक्का सवलत मिळते, आणि नोंदणी शुल्काची कमाल मर्यादा ३० हजार आहे. बांधकाम चालू असलेल्या, परवडणाऱ्या गटात न बसणाऱ्या घरावर ५ टक्के जीएसटी येतो. ही रक्कम पावणेआठ लाखांच्या घरात जाते आणि कर्जाच्या हिशेबात ती धरली जात नाही. मग ती वैयक्तिक कर्जातून, सोने तारण ठेवून किंवा वडिलांच्या भविष्य निर्वाह निधीतून उभी राहते आणि तिचे व्याज कुठल्याच तक्त्यात दिसत नाही. ताबा मिळेपर्यंतचे प्री-ईएमआय, म्हणजे नुसत्या व्याजाचे हप्ते, आणि त्याच काळातले घरभाडे यांचे ओझे ज्यांनी एकदम उचलले आहे, त्यांना मी वेगळे काही सांगायला नको.

कर्जाबरोबर गळ्यात मारला जाणारा विमा मात्र थोडा थांबून पाहावा. कर्ज घेणाऱ्याचा विमा असावाच, पण एकरकमी हप्ता कर्जातच मिळवण्याची जी पद्धत आहे, तिच्यात दीड लाख हप्त्याचा विमा वीस वर्षांत ३ लाख १२ हजारांना पडतो. हा विमा बँकेकडूनच घेण्याची सक्ती नाही. साधा टर्म विमा, म्हणजे ठरावीक मुदतीत मृत्यू झाला तरच पैसे देणारा, स्वतंत्रपणे घ्यावा.

‘पण करात सवलत मिळते ना?’ हा यावरचा ठरलेला प्रतिप्रश्न आहे. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंतच वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षीचे व्याज ४ लाख २१ हजार आहे, आणि तीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचीही व्याजाच्या वजावटीतून कमाल बचत उपकरासह ६२,४०० रुपये होते. नव्या प्रणालीत तर अशा घराच्या व्याजावर ही वजावटच नाही. सवलतीसाठी कर्ज चालू ठेवणारे हुशार लोक मला अजून भेटतात.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे आणि त्यात तथ्य आहे. महागाई वर्षाला पाच टक्के धरली तर वीस वर्षांनंतरच्या ४३,३९१ रुपयांची आजची किंमत सोळा हजारांच्या आसपास असते, म्हणून १ कोटी ४ लाख हा आकडा आजच्या ५० लाखांशेजारी ठेवून छाती पिटण्यात अर्थ नाही. पगार वाढतो, हप्ता तुलनेने हलका होतो आणि दर ११ महिन्यांनी भाडेकराराची, सामान हलवण्याची व मुलांच्या शाळेची चिंता संपते, याचे मोल मी कमी लेखत नाही. मात्र हा युक्तिवाद ज्याचा पगार महागाईइतका तरी वाढतो त्यालाच लागू पडतो, आणि पन्नाशीनंतर खासगी नोकरीत तसे होईलच असे आजकाल कोणी छातीवर हात ठेवून सांगत नाही. तिशीतल्या माणसाने ३० वर्षांचे कर्ज घेणे म्हणजे साठीपर्यंतच्या पगारावर आजच सही करणे आहे.

म्हणून लांब मुदत घ्यावीच लागली, तर ती सुरुवातीच्या वर्षांतच तोडावी. आपल्या मूळ कर्जात पहिल्या वर्षाअखेरीस २ लाख जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला तर शेवटचे सुमारे २१ हप्ते कमी होतात, म्हणजे नऊ लाखांहून अधिक. तेच २ लाख दहाव्या वर्षाअखेरीस भरले तर दहाच हप्ते कमी होतात. दरवर्षी एक हप्ता जास्तीचा भरत गेले तर वीस वर्षांचे कर्ज १६ वर्षे ८ महिन्यांत संपते आणि दहा लाखांहून अधिक वाचतात. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर आधी पैसे भरण्याचा दंड बँकांना २०१२ पासून लावता येत नाही. हेच पैसे म्युच्युअल फंडात टाकले तर बारा टक्के मिळतील असे सांगणारे असतात; मिळतीलही, पण साडेआठ टक्के व्याज वाचणे निश्चित आहे आणि बारा टक्के ही आशा आहे. फक्त सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला ठेवल्याशिवाय कर्जात जास्तीचा एक रुपयाही भरू नये, कारण बँकेत गेलेला तो पैसा नोकरी गेल्यावर परत मागता येत नाही.

आणि जास्तीची रक्कम भरताना हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी, असे लेखी द्यावे. काही ठिकाणी न सांगितल्यास मुदत तीच ठेवून हप्ता घटवला जातो. भाच्याने बोनस भरला तेव्हा अर्जात हे एक वाक्य घातले, पोच घेतली आणि पुढच्या महिन्यात नवा तक्ता मागवून शेवटच्या पानावरची तारीख पाहिली. अर्ज देऊनही ती बदललेली नव्हती, म्हणून तो पुन्हा शाखेत गेला आणि तेव्हा कुठे ती बदलली.